धाकट्याचं पाऊल

भीमेच्या फुगवट्यात एक टेक होतं, टेकावर एक घर होतं, आणि त्या घरात चार माणसं राहत होती: जोतीराम आबा, त्यांचा लेक रविराज, सून विजयमाला आणि नात स्वरूपा. पाचवी एक शेळी होती. तिला माणसांत धरलं नाही तर ती रुसायची, म्हणून आपण पाच म्हणू. घराच्या चारी अंगांना पाणी. इंदापूरच्या दिशेला तोंड करून उभं राहिलं तर लांबवर उसाची हिरवी रेघ आणि काठावरच्या नव्या गावठाणाचे पत्रे चमकताना दिसायचे. पाठ फिरवली की नुसतं पाणी, आणि पाण्याला टेकलेलं आभाळ.

ते टेक काही पहिल्यापासून पाण्यात नव्हतं. तिथं गावाची खळी होती. धरण झालं तेव्हा गाव खाली राहिलं आणि खळी वर राहिली. माणसं बैलगाड्या भरभरून काठाला गेली, आणि आबांचे वडील मात्र खळ्यावर घोंगडं टाकून बसले ते बसलेच. आबांना तेव्हा नुकतं मिसरूड फुटलं होतं. तेही बापाशेजारी बसले, आणि पुढं त्यांनी तिथंच घर बांधलं, तिथंच सून आणली. उन्हाळ्यात पाणी कितीही उतरलं तरी टेकाच्या भोवती माणूसभर चिखल राहायचा, त्यामुळं बारा महिने तेरा काळ होडीशिवाय ना कुणी येणार, ना कुणी जाणार.

पण त्या चिखलावरच तर घर चालायचं. संक्रांत सरली की पाणी रोज हात-दोन हात मागं सरायचं, आणि खालून काळाभोर, लोण्यासारखा गाळ उघडा पडायचा. त्यात नांगर लावायला नको, खत टाकायला नको. हरभरा टाकला की हरभरा, काकडी टाकली की काकडी. या गाळपेरीची त्या घरची एक रीत होती. गाळाची पहिली पट्टी उघडी पडली की माघातल्या पहिल्या गुरुवारी घरातल्या सगळ्यांत धाकट्यानं तिच्यावरनं अनवाणी चालायचं, घराकडनं पाण्याकडं, मोजून अकरा पावलं. त्याच्या आधी त्या गाळात शेळीनंसुद्धा खूर घालायचा नाही. मग मागनं आबा जाणार, प्रत्येक पावलात हरभऱ्याचे पाच दाणे टाकणार, आणि तिथनं पुढं पेरणी.

"गाळ आपल्याला धाकट्याच्या पावलावरनं वळखतो," आबा म्हणायचे. "ज्याचं पाऊल उमटलं, त्यो टेकाचा. ज्याचं न्हाय उमटलं, त्याला हितं ठिवायचं न्हाय."

आता गाळात पाऊल उमटलं नाही असं कधी झालंय का? त्यामुळं हे बोलणं झालं की सगळी हसायची, आणि सगळ्यांत मोठ्यानं आबा हसायचे.

स्वरूपाला भावंड नव्हतं, शेजार नव्हता, तरी तिच्यासारखं सुखी लेकरू शोधून सापडलं नसतं. हिवाळ्यात रोहित पक्षी यायचे, गुलाबी पायांचे, आणि उथळ पाण्यात एका पायावर उभे राहायचे. ही काठावर एका पायावर उभी राहायची आणि आधी कोण पाय टेकवतं ते बघायची. लपंडावात ही लपायची आणि शेळी हुडकायची. शेळीनं हुडकलं नाही तर हीच बाहेर येऊन तिला रागं भरायची. सागरगोटे खेळताना उजवा हात तिचा स्वतःचा, आणि डावा हात समोरच्या गड्याचा. डावा बिचारा कायम हरायचा. लांब जाळी टाकणाऱ्या कोळ्यांना पाण्यावरनं तिचं खिदळणं ऐकू यायचं आणि ते म्हणायचे, जोतीराम आबांच्या टेकावर दहा पोरं हायत की काय!

ती पाच वर्षांची झाली त्या माघातली गोष्ट. आईनं तिला न्हाऊ घातलं, दोन वेण्या घातल्या, पायांत पैंजण चढवले, आणि ती उड्या मारत उतार उतरून खाली आली, तर आबा आधीच गाळात वाकलेले, कनवटीचा हरभरा सोडून दाणे टाकत होते.

"शाब्बास गं बाय!" आबा म्हणाले. "माज्याबी आधी उठून चाललीस की!"

आबांच्या डोळ्यांत तेव्हा मोतीबिंदू होता. स्वरूपानं खाली बघितलं. अकरा पावलं होती, कोवळ्या उन्हात पाण्यानं भरून चमकणारी. 'मी न्हाय' म्हणायला तिनं तोंड उघडलं, पण आबा इतके खूश होते की तिनं ते मिटलं. मग ते पुढं गेल्यावर तिनं हळूच शेवटच्या पावलात आपला पाय ठेवून बघितला. टाचेला टाच लागली, बोटाला बोट. फक्त एक गोष्ट होती. त्या पावलांच्या टाचा पाण्याकडं होत्या आणि बोटं घराकडं.

ती घाबरली नाही. तिला एवढंच वाटलं, की आपल्याएवढं कुणीतरी आलं होतं आणि आपण वेणी घालत बसलो. तिनं गवताची एक वाळकी काडी त्या पावलाच्या मापानं मोडली आणि घराच्या वळचणीला, आई विळा खोचायची तिथं, खोचून ठेवली. त्या दिवसापासनं सागरगोट्यांत डावा हात जिंकायला लागला. स्वरूपाला त्याचा इतका आनंद झाला, की ती मुद्दाम उजव्या हाताला चिडवायची.

भादव्यात गौरी आल्या, आणि गौरींच्या पाठोपाठ जळोचीहून सुप्रिया मावशी आली. मावशी म्हणजे विजयमालाची धाकटी बहीण. बारामतीच्या अंगाला नव्या बिल्डिंगीत तिसऱ्या मजल्यावर राहायची. होडीत बसल्यापासनं तिनं डोळे मिटून घेतले होते.

"दाजी, हळू हो! मला पवता येत न्हाय!"

"पवायचं कशाला?" रविराज वल्हं मारत म्हणाला. "बुडलीस तरी खाली आपलंच गाव हाय. कुणीतरी च्या पाजंल."

"जीभ हासडली पायजे तुमची," मावशी म्हणाली, पण हसली.

त्या गौरींना मावशीनं स्वरूपाला पावलं काढायला शिकवलं. हाताची मूठ वळायची, करंगळीकडची बाजू पिठाच्या पाण्यात बुडवून जमिनीवर टेकवायची, झाला तळवा. मग बोटांच्या टोकांनी वर पाच ठिपके, झाली बोटं. दारापासनं चुलीपर्यंत गौरीची पावलं निघाली. ती इतकी हुबेहूब होती, की शेळीसुद्धा त्यांना वळसा घालून गेली.

दुपारी मावशी ओसरीवर सुपारी कातरत बसली होती आणि अंगणात सागरगोट्यांचा डाव चालला होता. थोडा वेळ बघून तिनं अडकित्ता खाली ठेवला.

"ताई, अगं ही पोरगी डाव्या हातासंगं भांडती!"

"खेळती ती."

"खेळती कुठं? त्याला 'आता तुजी पाळी' म्हणती, आन त्याच्या पाळीला स्वतः तिकडं तोंड फिरवून बसती. बघ की जरा." मावशीचा आवाज खाली आला. "चौथीपातुर ठेव. पाचवीला माज्याकडं धाड. आमच्या बिल्डिंगीत बारा पोरं हायत, कुणासंगंबी भांडू दे."

विजयमालानं अंगणातल्या पोरीकडं बघितलं. पोरगी होडी जाईल त्या दिवशी शाळेत, नाही जाणार त्या दिवशी पाण्याशी बोलत. "दोन असती तर येगळी गोष्ट हुती," ती म्हणाली. "एकलं लेकरू ह्या पाण्यात किती दिस ठिवू? पाचवीला घिऊन जा."

स्वरूपानं ते ऐकलं. ती उठून शेळीच्या गळ्याला मिठी मारून बसली. टेक सोडायचं म्हणजे काय सोडायचं, याची तिनं मनाशी यादी केली: रोहित पक्षी, आबा, शेळी, गाळ, आणि ज्याचं नाव तिला माहीत नव्हतं ते. मग तिनं आईचे शब्द पुन्हा मनात म्हटले. दोन असती तर.

पुढच्या माघात ती तांबडं फुटायच्या आधी उठून, वेणी न घालताच खाली पळाली. पावलं तिच्या आधीच येऊन गेली होती. पण बारकी. तिनं पाय ठेवून बघितला तर तिची बोटं बाहेर आली. आपण वाढलो, असं म्हणून तिनं वळचणीची काडी आणली. काडी पावलाहून दोन बोटं लांब भरली. वर्षभरात पाऊल लहान झालं होतं.

मागनं विजयमाला आली. पदर खोचून खाली वाकली.

"स्वरे, मुठीनं काढलीस व्हय गं ही? गौरीवानी?"

"न्हाय गं आये. शप्पत."

"लबाडी करू नगं. मुठीचं पाऊल मला कळतं. त्याच्या टाचंला भार नसतो." असं म्हणत तिनं टाचेच्या खळग्यात बोट घातलं. बोट पेरापर्यंत गेलं, दुसऱ्या पेरापर्यंत गेलं, आणि खालनं पाणी वर आलं. विजयमालानं बोट बाहेर काढून पदराला पुसलं, पुन्हा पुन्हा पुसलं. "चल," ती म्हणाली. "च्या गार हुतोय." त्या दिवशी ती स्वरूपाला रागावली नाही, आणि आबांना काही बोललीही नाही. स्वरूपानं या सालची काडी मोडली आणि पहिलीच्या शेजारी खोचली.

त्यानंतरच्या सालात आबांच्या डोळ्यांचं ऑपरेशन झालं. बारामतीहून परत येताना आबा होडीत उभे राहून प्रत्येक बगळ्याला नमस्कार करत आले. "अरं किती पांढरी हायती ही! मी समजत हुतो, मळकी हायत!" आणि मग माघातला पहिला गुरुवार आला, आणि आबा त्या नव्या डोळ्यांनी गाळापाशी उभे राहिले.

त्या साली पावलं नव्हतीच. दोन तळहात होते आणि दोन गुडघे, आणि त्यांच्या मागं ओढत आलेल्या बोटांच्या बारीक रेघा. रांगत आल्याच्या खुणा पाण्यातनं निघून गाळ संपतो तिथपर्यंत आल्या होत्या. पुढं कोरडी जमीन होती, तिथं काही कळत नव्हतं. आबांनी त्या खुणांकडं बघितलं. शेजारी उभ्या असलेल्या स्वरूपाच्या सात वर्षांच्या लांबसडक पायांकडं बघितलं. मग त्यांनी कनवटीचा हरभरा सोडला आणि प्रत्येक इवल्या तळहातात पाच-पाच दाणे ठेवले, देवापुढं ठेवावेत तसे.

"घरातल्या धाकट्याचा मान हाय," ते म्हणाले. "आपुन इचारायचं न्हाय."

होळी झाली आणि विजयमालाला तळलेल्या चिलापी माशाचा वास सोसेना. जिच्या हातच्या चिलापीसाठी काठावरची माणसं होडी करून यायची, ती नाकाला पदर लावून अंगणात जाऊन बसायला लागली. आबांनी एकदा बघितलं, दोनदा बघितलं, आणि तिसऱ्यांदा शेळीला म्हणाले, "तुजं सहावं माणूस येतंया गं." रविराज त्या दिवशी होडीत उभा राहून एकटाच नाचला आणि वल्हं पाण्यात पडलं.

दिवाळीनंतर निरवांगीला, विजयमालाच्या माहेरी, मुलगा झाला. नाव ऋषिराज ठेवलं. बाळाला थंडी बाधू नये म्हणून मायलेकरं गुढीपाडव्यापर्यंत तिकडंच राहिली. त्या माघात स्वरूपा गाळापाशी आली तर गाळ कोरा होता, या टोकापासनं त्या टोकापर्यंत ताटासारखा कोरा. ती अकरा पावलं चालली. वळून बघितलं तर तिचीच पावलं तिच्यामागं आलेली. संध्याकाळी सागरगोट्यांत डावा हात हरला, दुसऱ्या दिवशीही हरला, आणि आयुष्यात पहिल्यांदा तिला टेकावर एकलं वाटलं.

पण ऋषिराज आला आणि टेकाला कान किटतील एवढा आवाज आला. तो हसला की उचकी लागेपर्यंत हसायचा. शेळीचे कान ओढायचा. स्वरूपा त्याला कडेवर घेऊन पाण्याच्या कडेकडेनं फिरायची आणि हा रोहित, हा बगळा, हे आपलं बुडलेलं गाव, असं सांगायची. आणि गाव म्हटलं की तो पाण्याकडं बघून हात हलवायचा. तिनं पहिल्यांदा त्याच्यापुढं सागरगोटे टाकले, तेव्हा त्यानं डावा हात पुढं केला.

बघता बघता स्वरूपाची चौथी संपत आली आणि माघ उगवला. ऋषिराज पंधरा महिन्यांचा होता, भिंतीला धरून चालत होता. सुप्रिया मावशी डोळे मिटून होडीतनं आली, आणि तिच्या पिशवीत बारामतीच्या शाळेचा फॉर्म होता.

"आता ठरल्यापरमाणं पोरगी माजी," ती म्हणाली.

"आता दोन हायती की," रविराज म्हणाला.

विजयमाला मात्र हसली नाही. गेल्या दोन-तीन महिन्यांत ती बाळाला गाळाच्या बाजूला फिरकू देत नव्हती. "ऋषीचं पाऊल पडू दे," ती म्हणाली. "आबांचा शबूद हाय. उमटलं तर दोगंबी हितं. न्हाय उमटलं, तर मी दोगांना घिऊन जळोचीला येती. परत ह्या टेकावर पाय ठिवायची न्हाय."

"असं काय बोलती ताई? चिखलात पाऊल न उमटायला ते काय वारं हाय?" मावशी म्हणाली आणि एकटीच हसली. स्वरूपानं आईकडं बघितलं. आई पदराला बोट पुसत होती. बोटाला काही लागलेलं नव्हतं.

गुरुवारी ऊन छान पडलं. ऋषिराजच्या कमरेला काळा करदोडा, गालाला काजळाचा ठिपका, बाकी अंगावर काही नाही. आबा वरच्या अंगानं वळसा घालून पाण्याच्या कडेला जाऊन हात पसरून उभे राहिले. आई, पप्पा आणि मावशी वर, कोरड्या जमिनीवर. तो पडला तर धरायला म्हणून स्वरूपा त्याच्या मागनं, जरा बाजूनं.

"ये रं माज्या वाघा!" आबांनी हाक मारली, आणि ऋषिराज निघाला.

"एक!" सगळी ओरडली. "दोन! तीन!"

तो हसत होता, डुलत होता, आणि वरची सगळी त्याच्या डुलण्याकडं बघून टाळ्या वाजवत होती. चौथ्या पावलाला स्वरूपानं खाली बघितलं. तिचे पाय घोट्यापर्यंत रुतत होते. त्याच्या पायाच्या बोटांच्या बेचक्यांत काळा गाळ लागलेला होता. पण त्यानं पाय उचलला की तिथं काही राहत नव्हतं. त्याच्या मागं गाळ ताटासारखा कोरा होता, उन्हात चमकणारा.

तिला पहिल्यांदा वाटलं ओरडावं. मग तिला आई दिसली, टाळी वाजवायची विसरून दोन्ही हात छातीशी धरलेली. स्वरूपा मागं सरली आणि पहिल्या पावलाच्या जागी खाली बसली. तिनं मूठ वळली, करंगळीची बाजू गाळात टेकवली, वर बोटांनी पाच ठिपके दिले, आणि मग आठवण झाली तसं अंगठ्यानं टाच खोल दाबली. दुसरं पाऊल. तिसरं. "सात! आठ!" वर आवाज चढत होता आणि खाली ती बेडकासारखी बसत-उठत त्याच्या मागं सरकत होती. अकरावं उमटलं आणि ऋषिराज आबांच्या हातात जाऊन पडला.

आबांनी त्याला वरच्या अंगानं नेऊन आईकडं दिलं आणि दाणे टाकायला परतले. पहिल्या पावलापाशी ते वाकले. नव्या डोळ्यांनी त्यांनी ते नीट निरखलं. टाचेत बोट घालून बघितलं. मग मान वर केली. स्वरूपानं मनगटापर्यंत काळा झालेला हात पाठीमागं नेला.

आबांनी मोजून पाच दाणे टाकले.

"टाच जरा हलकी पडलीया बाय," ते हळूच म्हणाले. "फुडच्या साली आणिक दाब." आणि मग मागं वळून त्यांनी टेक हादरेल अशी आरोळी ठोकली, "उमटलं गं सूनबाय! पोरगं टेकाचं!"

विजयमाला रडता रडता हसायला लागली. रविराजनं मावशीला उचलून गरागरा फिरवलं. "ठेवा खाली! आन मग माज्या फॉर्मचं काय करू?" मावशी ओरडली. त्या फॉर्मची रविराजनं तिथल्या तिथं होडी केली आणि ऋषिराजच्या हातात दिली.

त्या साली हरभरा असा आला, की घाटे मोडून मोडून मावशीच्या नखांना खार लागला. काकडीच्या होड्या भरून गेल्या. पुढं होडीला इंजिन बसलं, घरावर सोलरचे दिवे आले, आणि दोन्ही पोरं रोज सकाळी काठावरच्या शाळेत जायला लागली. स्वरूपा टेक सोडून कुठं गेली नाही. आबा अजून आहेत आणि बगळ्यांना अजून नमस्कार करतात. ऋषिराज आता सव्वापाच वर्षांचा आहे. धावण्यात पहिला येतो, आणि ओल्या पायांनी घरात आला तर फरशीवर चारचौघांसारखी पावलं उमटवून आईच्या शिव्या खातो.

फक्त माघातल्या पहिल्या गुरुवारी स्वरूपा त्याच्या मागनं चालते. मूठ पुरेनाशी झाली तेव्हा तिनं वळचणीतली लहान काडी काढली आणि ऋषिराज झोपला असताना त्याच्या तळव्याला लावून बघितली, तंतोतंत भरली. यंदा मोठी काढली. तीही तंतोतंत भरली, टाचेला टाच, बोटाला बोट. त्या मापानं तिनं अकरा पावलं काढली, आबांनी दाणे टाकले, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, पुरणपोळ्या झाल्या.

दुपारी ती काडी परत खोचायला वळचणीपाशी आली आणि सवयीनं पुढची काडी चाचपायला लागली. पुढची काडी नव्हती. पाच वर्षांच्या पुढचं माप तिनं कधी घेतलंच नव्हतं.

"अक्के, ये की!" अंगणातनं ऋषिराजनं हाक मारली. सागरगोटे मांडून तो एकटाच पाण्याकडं तोंड करून बसला होता. "तुजी पाळी हाय. आमची दोगांची झाली."